इंदूरमध्ये राहून माहितीपटाचं एडिटिंग : शिकावं कसं, काम मिळवावं कसं

लग्नाचे व्हिडिओ, कोचिंग क्लासच्या जाहिराती, यूट्यूब चॅनेल यांमुळे इंदूरमध्ये एडिटिंगचं काम मुबलक आहे आणि बहुतेक मुलं तिथूनच सुरुवात करतात. त्यात वाईट काही नाही. कीबोर्डवर हात बसतो, मुदत पाळायची सवय लागते. पण त्या अनुभवाच्या जोरावर माहितीपटाला हात घातला की पहिल्याच आठवड्यात गाडी अडते. लग्नात पुढे काय होणार हे सगळ्यांनाच माहीत असतं. माहितीपटात चाळीस तासांचं फुटेज समोर येतं आणि त्यातला चित्रपट नेमका कुठे दडलाय हे दिग्दर्शकालाही पुरतं ठाऊक नसतं. तो शोधून काढण्याचेच एडिटरला पैसे मिळतात.

या कामात सॉफ्टवेअरचा नंबर तिसरा, असं आमचं मत आहे. पहिला भाषेचा, दुसरा फुटेज सांभाळण्याचा. आणि भाषेच्या बाबतीत इंदूरच्या मराठी माणसाचं पारडं आधीच जड असतं. घरात मराठी, रस्त्यावर हिंदी, माळवी कानावरून गेलेली, निमाडी थोड्या सवयीने कळणारी. बडवानी किंवा महेश्वरचं फुटेज मुंबई-दिल्लीच्या एडिटरपुढे गेलं की तो भाषांतराचा कागद समोर ठेवून कापतो. तुम्ही ऐकून कापू शकता. बाजारात याला किंमत आहे, फक्त ती मागता आली पाहिजे.

शिक्षणाचं काय

पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी चित्रपट संस्थेत (स्थापना १९६०) एडिटिंगचा तीन वर्षांचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. प्रवेशासाठी पदवी लागते. कोलकात्याच्या सत्यजित राय संस्थेतही एडिटिंग हा स्वतंत्र विभाग आहे. अहमदाबादची एनआयडी ही डिझाइन संस्था आणि दिल्लीतलं जामिया मिलिया हे आणखी दोन भक्कम पर्याय. इंदूरमध्येच देवी अहिल्या विश्वविद्यालयाचं ईएमआरसी हे माध्यम केंद्र शैक्षणिक चित्रफिती बनवतं. पत्रकारितेच्या किंवा तत्सम विभागात शिकत असाल तर तिथे काम पाहायला मिळतं का याची चौकशी जरूर करा.

एकच सॉफ्टवेअर तीन महिन्यांत शिकवून डिप्लोमा देणाऱ्या क्लासला मात्र पैसे देऊ नका. डाव्हिन्ची रिझॉल्व्ह या एडिटिंग सॉफ्टवेअरची प्रशिक्षण-पुस्तकं कंपनीच्या संकेतस्थळावर सरावाच्या फुटेजसकट फुकट मिळतात आणि सॉफ्टवेअरची मोफत आवृत्तीही शिकायला पुरून उरते.

पाहणं हा शिक्षणाचा मोठा भाग. सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनने (स्थापना १९४८; २०२२ मध्ये एनएफडीसी या चित्रपट महामंडळात विलीन) काढलेले अनेक जुने माहितीपट यूट्यूबवर आहेत. त्यातला दहा मिनिटांचा एखादा घ्या. एकदा आवाज बंद करून पाहा, एकदा पडद्याकडे पाठ करून नुसता ऐका. मग कागदावर प्रत्येक कट उतरवा: शॉट किती सेकंदांचा, बोलतंय कोण, बोलणारा दिसतोय की नाही, संगीत कुठे आलं आणि कुठे थांबलं. दहा मिनिटांच्या फिल्मला एक पूर्ण दिवस जातो. असे पाच दिवस घातलेत तर सहा महिन्यांच्या क्लासपेक्षा जास्त हाती लागेल. मुंबईचा मिफ हा माहितीपटांचा महोत्सव १९९० पासून एक वर्षाआड भरतो. संध्याकाळी अवंतिका एक्सप्रेसमध्ये बसलं की सकाळी मुंबई, तेव्हा तो चुकवण्याला सबब नाही.

टेबलावर काय लागतं

खर्चाला सुरुवात कॉम्प्युटरपासून न करता डिस्कपासून करा. हिशेब असा: कॅमेरा सेकंदाला १०० मेगाबिटने ४के रेकॉर्ड करत असेल तर तासाला ४५ जीबी होतात. चाळीस तासांचे १.८ टीबी. याच्या दोन प्रती टेबलावर आणि तिसरी दुसऱ्या घरात. म्हणजे एका मध्यम माहितीपटाला दोन-दोन टीबीच्या तीन डिस्क, आणि त्याही काठोकाठ भरलेल्या. चार टीबीच्या घेतलेल्या बऱ्या. दिग्दर्शकाने बजेटमध्ये डिस्क धरल्या नसतील तर काम सुरू व्हायच्या आधी धरायला लावा. नंतर कोणी देत नाही.

मशीनला ३२ जीबी रॅम, ८ जीबीचं ग्राफिक्स कार्ड आणि कॅशसाठी (सॉफ्टवेअरच्या तात्पुरत्या फाइलींसाठी) वेगळी एक टीबीची वेगवान एनव्हीएमई एसएसडी असली की भागतं. पावसाळ्यात आपल्याकडे वीज कधी डोळा मारेल सांगता येत नाही, म्हणून यूपीएस हवाच. कॉपी चालू असताना वीज गेली तर एक्सफॅट फॉरमॅटची डिस्क फार लवकर बिघडते, कारण अर्धवट राहिलेल्या लिखाणाची नोंद त्या फॉरमॅटमध्ये राहत नाही. मॅक आणि विंडोज दोन्हीकडे चालतं म्हणून सगळे एक्सफॅट वापरतात. वापरा, पण ‘इजेक्ट’ केल्याशिवाय केबल ओढू नका. स्पीकरवर खर्च करण्याआधी कान पूर्ण झाकणारा साधा स्टुडिओ हेडफोन घ्या. रामबागेत किंवा राजवाड्याजवळ खोली असेल तर हॉर्नच्या आवाजात स्पीकर तसेही निरुपयोगी.

एडिटिंगला रिझॉल्व्ह की प्रीमियर या सॉफ्टवेअरच्या वादात पडू नका. ज्यांच्याकडे काम करायचंय ते जे वापरतात ते शिका. मोठ्या टीममध्ये अ‍ॅव्हिड हे सॉफ्टवेअर येतं, तेव्हा त्याची तोंडओळख असू द्या.

पहिली पायरी : सहायक

माहितीपटात शिरायचं दार इथे आहे. सहायकाचं काम कंटाळवाणं समजलं जातं, म्हणूनच ते नीट करणारा माणूस लक्षात राहतो.

कार्ड आलं की ते जसंच्या तसं, अख्ख्या फोल्डरसकट, दोन डिस्कवर एकाच वेळी उतरवा. नुसत्या व्हिडिओ फाइली ओढून घेतल्या की लांबलचक मुलाखती तुटतात. कॅमेरा मोठं रेकॉर्डिंग तुकड्यांत लिहितो आणि ते तुकडे जोडण्याची माहिती बाजूच्या फोल्डरात असते. कॉपी करताना चेकसम (प्रत मूळ फाइलीशी तंतोतंत जुळते का ते दाखवणारा आकडा) पडताळणारं साधन वापरा. रिझॉल्व्हच्या मीडिया पानावरचं ‘क्लोन’ मोफत आहे आणि पुरतं. कॉपी झाली की फाइलींची संख्या आणि एकूण जीबी जुळवा, प्रत्येक कार्डाची पहिली आणि शेवटची क्लिप उघडून पाहा. मगच कॅमेरामनला ‘कार्ड मोकळं करा’ म्हणा, आणि तेही फोनवर न सांगता लिहून पाठवा.

मूळ फाइलींची नावं बदलू नका. फोल्डरची नावं रोमन अक्षरांत आणि मध्ये जागा न सोडता ठेवा. देवनागरी नावं एका मशीनवर सुरळीत चालतात आणि दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये प्रोजेक्ट नेताना ऐनवेळी अडखळतात.

फ्रेमरेटचा (सेकंदाला किती फ्रेम याचा) निर्णय शूटिंगआधी व्हायला हवा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूबलाइट सेकंदाला शंभरदा लुकलुकते. २५ फ्रेम आणि १/५० शटर ठेवलं तर ते दिसत नाही. १/६० ठेवलं तर पडद्यावर पट्टे सरकतात आणि एडिटिंगमध्ये ते पूर्ण जात नाहीत. कोणी मोबाइलवर शूट करून दिलं तर दोन भानगडी होतात. एक, मोबाइलचा फ्रेमरेट बदलता असतो, म्हणून सुरुवातीला जुळलेला आवाज पाच-दहा मिनिटांनी ओठांपासून सुटतो. अशा क्लिप आधी हँडब्रेक या सॉफ्टवेअरमधून ‘कॉन्स्टंट फ्रेमरेट’ करून घ्या. दोन, ३० फ्रेमचं फुटेज २५ च्या टाइमलाइनवर टाकलं की दर सहातली एक फ्रेम गळते आणि कॅमेरा आडवा फिरताना हिसके बसतात. स्थिर शॉटमध्ये हे कळत नाही, तेव्हा मोबाइलचे स्थिर शॉट निवडा. व्हॉट्सअ‍ॅपवरून व्हिडिओ मागवताना ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवायला सांगायचं, नाहीतर हातात चोथा येतो.

वेगळ्या रेकॉर्डरवरचा आवाज वेव्हफॉर्मवरून (आवाजाच्या आलेखावरून) जुळवता येतो. पण एक तासाच्या मुलाखतीच्या सुरुवातीला जुळलंय म्हणून पुढे जाऊ नका. शेवटचं मिनिट तपासा. स्वस्त रेकॉर्डरचं घड्याळ तासाभरात फ्रेम-दोन फ्रेम सरकतं. आवाज ताणून जुळवण्यापेक्षा माणूस जिथे थांबलाय तिथे कापून पुढचा तुकडा सरकवा, कानाला काही कळत नाही.

यानंतर प्रॉक्सी, म्हणजे हलक्या फाइली. ७२० च्या, पाच मेगाबिटच्या प्रॉक्सी तासाला साधारण सव्वादोन जीबी होतात. चाळीस तासांच्या ९० जीबी. इंदूरमध्ये बसून मुंबईच्या दिग्दर्शकाबरोबर काम करण्याचा अख्खा व्यवहार या आकड्यावर उभा आहे. १०० मेगाबिटच्या अपलोडवर १.८ टीबी मूळ फुटेज पाठवायला, लाइन एकदाही तुटली नाही असं धरलं तरी, चाळीस तास लागतात. प्रॉक्सीला दोन तास. तेव्हा मूळ डिस्क हाती किंवा कुरिअरने जाऊ दे, रोजची देवाणघेवाण प्रॉक्सी आणि प्रोजेक्ट फाइलवर चालवा. फाइलींची नावं आणि टाइमकोड (प्रत्येक फ्रेमवरची तास-मिनिट-सेकंदाची खूण) तेच राहिले असतील तर शेवटी मूळ फुटेज आपोआप जुळतं.

नोंदवही

फुटेज पहिल्यांदा पाहताना नेहमीच्या वेगात, न थांबवता पाहा आणि जिथे हसू आलं, पोटात कालवलं किंवा जांभई आली तिथे फक्त टाइमकोड लिहा. ही पहिली प्रतिक्रिया परत मिळत नाही. पाचव्यांदा पाहताना कुठलाच विनोद हसवत नाही, आणि फिल्म तर पहिल्यांदा पाहणाऱ्यासाठीच बनते.

दुसऱ्या फेरीत सविस्तर नोंद. तक्ता साधा ठेवा: कार्ड, टाइमकोड, कोण, काय, शेरा. समजा महेश्वरच्या विणकरांवर बारा-पंधरा मिनिटांची फिल्म आहे. एक ओळ अशी दिसेल: ‘कार्ड १४, १०:४२:१५ ते १०:४३:०२, वयस्कर विणकर, सुनेला सांगतात की रेशमाचा भाव परवडत नाही, शेवटी स्वतःशीच हसतात, हसणं वापरण्याजोगं, १०:४२:४० पासून मागे मिक्सर.’ मिक्सरचा उल्लेख फालतू वाटतो. तीन महिन्यांनी हाच शॉट शोधताना तोच कामी येतो.

मुलाखतींचं लिखाण हातानं केलं तर एका तासाला चार ते सहा तास जातात. चाळीसपैकी पंधरा तास मुलाखती असतील तर साठ ते नव्वद तासांचं, म्हणजे जवळपास दोन आठवड्यांचं काम. हिंदीचं यंत्राकडून करून घेता येतं आणि वेळ बराच वाचतो. निमाडी किंवा माळवीत यंत्र त्याला जे कळत नाही ते जवळच्या हिंदी शब्दात बसवून मोकळं होतं, आणि वाक्य वाचताना सुबक दिसल्यामुळे चूक लक्षातही येत नाही. इंदूरच्या मराठी घरातल्या आजीबाई एकाच वाक्यात मराठीतून हिंदीत जाऊन परत येतात, तिथेही तेच. असं लिखाण कोणीतरी कानाने तपासलंच पाहिजे. नव्या माणसाने नेमकं हेच काम मागावं. लिखाण आणि भाषांतर करणारा माणूस सगळं फुटेज ऐकतो, आणि ज्याने सगळं ऐकलंय त्याला एडिटच्या खोलीत विचारावंच लागतं.

कापायला बसल्यावर

चाळीस तासांतून वापरण्याजोगे सात-आठ तास वेगळे काढा. त्यातून विषयवार माळा लावा: विणकाम, घर, बाजार, घाट, मुलाखती. मग भिंतीवर कागद चिकटवा. प्रसंगांना एक रंग, मुलाखतींना दुसरा. मुलाखतींचाच रंग सलग पाच-सहा कागद दिसला की समजावं, फिल्मची आकाशवाणी झाली.

नवशिके आधी मुलाखतींचा सांगाडा बांधतात आणि मग त्यावर चित्रं डकवतात, कारण ते सोपं आहे. आम्ही उलट सांगू. आधी प्रसंग कापा, एकाही मुलाखतीशिवाय. जे प्रसंगातून कळलं ते मुलाखतीतून काढून टाका. जे कळलं नाही तेवढंच बोलू द्या. पंधरा मिनिटांच्या फिल्मची पहिली जुळणी चाळीस-पन्नास मिनिटांची झाली तर घाबरू नका. ती जुळणी आहे, फिल्म नव्हे. ती दिग्दर्शक सोडून कोणालाही दाखवू नये.

मागावरचा प्रसंग हा हात बसवायला उत्तम नमुना आहे, कारण आवाज एडिटरला सुटू देत नाही. धोटा इकडून तिकडे जातो, फणी आदळते, खट्. पुन्हा धोटा, पुन्हा खट्. कुठल्याही दोन शॉटचा वेग तंतोतंत सारखा नसतो, कारण विणकर माणूस आहे. शॉट नुसते शेजारी ठेवले की ठेका तुटतो आणि बघणाऱ्याला कट खुपतो. म्हणून आधी साठ ते नव्वद सेकंदांचा एकसलग, स्वच्छ आवाज निवडून खालच्या ट्रॅकवर अंथरा. आता चित्रं त्यावर अशी बसवा की फणी दिसत असेल तिथे तिचा आघात आवाजावर पडेल. कट आघाताच्या एक-दोन फ्रेम आधी ठेवा. खट् वाजताच कान तिकडे जातो आणि कट लपतो. चेहऱ्याचा, बोटांचा, ताण्याच्या धाग्यांचा शॉट असेल तर जुळवण्याची गरज नाही, तो कुठेही बसतो. फणी दोन-तीन आघातांहून जास्त वेळ दिसणार असेल तर मात्र त्या शॉटचा स्वतःचा आवाज वापरा आणि दोन्ही टोकांना दोन-तीन फ्रेमचा क्रॉसफेड (एक आवाज विरत असताना दुसरा चढवणं) द्या. धागा तुटून माग थांबतो तो क्षण फुटेजमध्ये शोधा. तिथे आवाज आपसूक थांबतो, आणि नव्या प्रसंगाला किंवा बोलण्याला वाट मिळते.

बोलण्याच्या कटाविषयी मात्र बारकाईने सांगायला हवं, कारण बाहेरच्या धड्यांत हे सापडत नाही. मराठी, हिंदी, माळवी, निमाडी या सगळ्यांत क्रियापद वाक्याच्या शेवटी येतं आणि बऱ्याचदा नकारही शेवटाकडेच. ‘एवढ्या मजुरीत भागतं असं काही आम्ही म्हणत नाही’ या वाक्याचा शेवट बोलणाऱ्याच्या तोंडातून जवळजवळ श्वासावर येतो. वेव्हफॉर्मवर तिथे रेघ सपाट दिसते. नजरेने कापणारा एडिटर ती शेपटी उडवतो आणि माणूस बोलला त्याच्या नेमकं उलट पडद्यावर जातं. म्हणून वेव्हफॉर्म पाहून कापू नका, डोळे मिटून ऐका. शब्द पूर्ण झाला तरी सूर खाली आलाय का ते पाहा. सूर वर असताना कापलं की वाक्य लोंबकळतं. शेवटच्या शब्दानंतर श्वासाला आठ-दहा फ्रेम ठेवा.

दोन तुकडे जोडताना मधली पोकळी त्याच खोलीच्या शांततेने भरा. प्रत्येक मुलाखतीच्या शेवटी तीस सेकंद सगळ्यांनी गप्प बसून रेकॉर्ड करायला कॅमेरा टीमला आधीच बजावून ठेवा. पंख्याची घरघर एका तुकड्यात आहे आणि दुसऱ्यात नाही, हे चित्राच्या उडीपेक्षा जास्त खटकतं. पुढच्या प्रसंगाचा आवाज चित्राच्या आधी अर्धा सेकंद आणला तर बहुतेक सांधे गुळगुळीत होतात. पण प्रत्येक सांध्यावर हीच युक्ती केली की ती दिसायला लागते.

एका ठिकाणी अडून बसावं लागतं. दोन वेगवेगळ्या उत्तरांतले शब्द जोडून तिसरंच वाक्य बनवायचं नाही. ‘अडखळणं काढा’ आणि ‘अर्थ बदला’ यांतली सीमा तपासायची सोपी रीत आहे: कापलेला तुकडा बोलणाऱ्यासमोर लावला तर तो ‘हो, हेच म्हणालो होतो’ म्हणेल का? क्रमाचंही तसंच. सकाळी झालेलं भांडण संध्याकाळच्या बातमीनंतर ठेवलं की बातमीमुळे भांडण झालं असा अर्थ निघतो. शूटिंगच्या तारखांचा तक्ता भिंतीवर असू द्या आणि असा फेरबदल करायचाच असेल तर दिग्दर्शकाला उघड विचारा.

रफ कट (फिल्मचं पहिलं कच्चं रूप) तयार झाला की विषय माहीत नसलेल्या चार-पाच जणांना दाखवा. घरच्यांना दाखवून उपयोग नाही, आणि आधी पोहे-जिलेबी खाऊ घातलीत तर कोणीच खरं बोलणार नाही. ‘कसं वाटलं?’ विचारू नका, सगळे ‘छान झालंय’ म्हणतात. ‘ती बाई त्यांची कोण?’, ‘कुठे घड्याळ पाहिलंत?’, ‘शेवटी त्यांनी काय ठरवलं?’ असे प्रश्न विचारा. लोक ज्या ठिकाणी बोट ठेवतात तिथे बहुधा दोष नसतो, त्याच्या दोन-तीन मिनिटं आधी असतो. तिथे काहीतरी सांगायचं राहिलेलं असतं.

लॉक झाल्यानंतर

पिक्चर लॉक म्हणजे यापुढे एक फ्रेमही हलणार नाही. हे निर्मात्याकडून लिहून घ्या, कारण लॉकनंतर काढलेल्या दोन सेकंदांसाठी साउंड, कलर आणि सबटायटल तिन्ही पुन्हा करावे लागतात.

साउंडवाल्याला एएएफ (आवाजाचे तुकडे त्यांच्या जागांसकट नेणारी फाइल) द्या, प्रत्येक तुकड्याला दोन्ही बाजूंनी दोन-दोन सेकंदांची शिल्लक ठेवून. सोबत टाइमकोड छापलेला संदर्भ व्हिडिओ. फिल्म ०१:००:००:०० ला सुरू करा आणि ००:५९:५८:०० ला एका फ्रेमची पिप (छोटा बीप) ठेवा, त्यावरून परत आलेला आवाज जुळतो. टीव्हीसाठी आवाजाची पातळी बहुतेक ठिकाणी उणे २३ एलयूएफएस (आवाजाच्या सरासरी मोठेपणाचं माप) मागतात, इंटरनेटसाठी उणे १४ च्या आसपास चालते. महोत्सवासाठी डीसीपी (थिएटरच्या प्रोजेक्टरला लागणारं डिजिटल पॅकेज) लागतं. डीसीपी-ओ-मॅटिक या मोफत साधनाने घरी बनवता येतं, पण पाठवण्याआधी खऱ्या थिएटरात एकदा लावून पाहा. स्टीरिओ मिक्स असेल तर कडेला बसलेल्या प्रेक्षकाला संवाद जवळच्या स्पीकरमधून येतो, म्हणून संवाद मधल्या चॅनेलवर ठेवायला सांगा.

देवनागरी पाट्यांत हमखास गडबड होते. प्रीमियरमध्ये जोडाक्षरं फुटतात आणि पहिली वेलांटी अक्षराच्या भलत्याच बाजूला जाते. ‘क्षिप्रा’ लिहून पाहा, लगेच कळेल. ग्राफिक्सच्या प्रेफरन्समध्ये टेक्स्ट इंजिन ‘साउथ एशियन अँड मिडल ईस्टर्न’ करा, सॉफ्टवेअर बंद करून उघडा आणि युनिकोड फॉन्टच वापरा. शेवटच्या श्रेयनामावलीत नावांचं शुद्धलेखन ज्याच्या त्याच्याकडून तपासून घ्या. आडनावात चूक झाली की इंदूरसारख्या गावात ती वर्षानुवर्षं ऐकवली जाते.

सबटायटल दोन ओळींहून जास्त नको, ओळीत साधारण चाळीस अक्षरं, पडद्यावर कमीत कमी एक आणि जास्तीत जास्त सहा-सात सेकंद. वाक्याचा शेवट आधी वाचून होऊ नये याकडे लक्ष द्या. प्रेक्षक विनोद वाचून हसला आणि पात्र नंतर बोललं तर विनोद वाया गेला.

काम आणि पैसे

माळवा-निमाडात शूट करायला बाहेरून दिग्दर्शक येत असतात: महेश्वर, मांडू, नर्मदेचा काठ. त्यांना पहिल्यांदा लागतो तो लिखाण-भाषांतर करणारा आणि डिस्क सांभाळणारा माणूस. स्वयंसेवी संस्था आणि कंपन्यांचे सामाजिक विभाग पाच-आठ मिनिटांच्या फिल्म करून घेतात; तिथे सर्जनशीलता थोडी, पण पैसे वेळेवर मिळण्याची शक्यता बरी. सहायकापासून स्वतंत्र एडिटर व्हायला तीन-चार वर्षं धरा.

ओळखीचा मेल पाच ओळींचा ठेवा. कुठल्या भाषा ऐकून कळतात हे पहिल्या ओळीत, सॉफ्टवेअर शेवटी. सोबत झगमगीत शोरील (निवडक झलकांचा व्हिडिओ) नको. अडीच-तीन मिनिटांचा एकच पूर्ण प्रसंग द्या आणि खाली दोन ओळी लिहा: किती फुटेज होतं, त्यातून हे कसं निघालं.

दर मिनिटावर ठरवू नका. तीस मिनिटांची फिल्म दहा तासांतूनही निघते आणि ऐंशी तासांतूनही. मिनिटाच्या दरात दोन्हीचे पैसे सारखेच. आठवड्याचा दर सांगा. लांब माहितीपटाला दर दहा मिनिटांमागे एक महिना हा ढोबळ हिशेब धरा, संस्थेच्या छोट्या फिल्मला दोन-तीन आठवडे. करार दोन पानांचा पुरतो, पण त्यात एवढं हवंच: फुटेज जास्तीत जास्त किती तास, दुरुस्तीच्या फेऱ्या किती (तीन पुरे), तीस टक्के आगाऊ, तीस रफ कटला, तीस लॉकला, उरलेले दहा फाइली सोपवताना. काम मध्येच थांबलं तर झालेल्या आठवड्यांचे पैसे. श्रेय पडद्यावर कुठे आणि कसं. बिलातून दहा टक्के टीडीएस कापला जातो, तो विवरणपत्र भरताना तुमच्या करात वळता होतो आणि जास्तीचा परत मिळवता येतो, म्हणून पॅन आणि बिलांची फाइल जागेवर ठेवा. वर्षाची उलाढाल वीस लाखांवर गेली की जीएसटीची नोंदणी लागते.

आणि करारात फुटेज किती महिने सांभाळणार हेही लिहा. सहा महिने योग्य. मुदत संपण्याआधी महिनाभर लेखी कळवा, डिस्क निर्मात्याच्या हवाली करून पोच घ्या. प्रोजेक्ट फाइल, एएएफ, सबटायटल आणि अंतिम मास्टर यांची प्रत मात्र करारात मुभा मागून स्वतःजवळ ठेवा. दोन वर्षांनी कोणीतरी पाच मिनिटांची छोटी आवृत्ती मागतंच, आणि ते काम वेगळ्या दराने आकारायचं असतं.